बापासकट बिन

"अंकल, ये बीच में किसका नाम है?"

खिडकीपलीकडचा मुलगा तिशीच्या आतला होता. धामनोदच्या एका कार्यालयात मी ओळीत उभा राहून अर्ज दिला होता आणि माझ्या तीन शब्दांच्या नावातल्या मधल्या शब्दावर त्याचं बोट थांबलं होतं.

"पिताजी का," मी म्हणालो.

"तो वो आपके नाम में क्या कर रहे हैं?"

बासष्ट वर्षांत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. मराठी माणसाचं नाव म्हणजे तीन खोल्यांचं घर. पुढच्या खोलीत आपण, मधल्या खोलीत वडील आणि मागच्या खोलीत अंधारात पूर्वजांचं आडनाव. वडील जग सोडतात, पण मधली खोली सोडत नाहीत. हिंदी मुलुखात ही मधली खोली 'कुमार', 'लाल', 'प्रसाद' अशा पाहुण्यांसाठी असते आणि वडिलांना अर्जात स्वतंत्र रकाना असतो. त्या मुलाने शांतपणे माझ्या वडिलांचं सामान उचललं आणि त्या रकान्यात नेऊन ठेवलं. "उनका अलग कॉलम है ना," तो समजुतीच्या स्वरात म्हणाला, "दो-दो जगह कैसे रहेंगे?"

आठ दिवसांनी कागद हातात आला. त्यावर आधी माझं नाव, मग 'पिता' हा शब्द, मग वडिलांचं नाव. मी त्याचा फोटो काढून पुण्याच्या आत्याला पाठवला. आत्या पंच्याऐंशीची आहे, पण व्हॉट्सॲपवर तिची नजर गिधाडाची आहे. पाच मिनिटांत फोन आला.

"अरे, तू माझ्या दादाचा बाप कधी झालास?"

आत्याची चूक नव्हती. माळव्या-निमाडात 'अमका पिता तमका' म्हणजे अमक्याचा पिता तमका. इथल्या वर्तमानपत्रांत, जमिनीच्या खसऱ्यांत, कोर्टाच्या पुकाऱ्यांत हीच रीत. पुणेरी डोळ्याला मात्र ते 'अमका, जो तमक्याचा पिता' असं दिसतं. एकदा पुण्याचे पाहुणे सकाळी पोहे-जिलबी खात पेपर वाचत होते. दहावीत पहिल्या आलेल्या एका मुलाची बातमी होती. पाहुणे हळहळले. "बिचारा! मुलगा एवढा मोठा झाल्यावर शिकायला बसला!"

आमचं धामनोदही नकाशावर जपून शोधावं लागतं. मध्य प्रदेशात धामनोद दोन आहेत, एक रतलाम जिल्ह्यात आणि दुसरं आमचं, धार जिल्ह्यात. त्यामुळे गावालाही बापाचं नाव लावावं लागतं. इंदूरहून आग्रा-मुंबई रस्त्याने विंध्याचा घाट उतरलात की निमाड लागतो, उन्हाची धग लागते आणि धामनोद लागतं. पुढे खलघाटला नर्मदेवरचा पूल. पूर्वेला अहिल्याबाईंचं महेश्वर, वर डोंगरात सुलतानांचं मांडू, त्याच्या पलीकडे पवारांचं धार. पवारांच्या घोड्यांमागे चालत आमचं घराणं माळव्यात आलं. घोडे गेले, पवारांचं राज्य गेलं, आम्ही उरलो. सध्या मी महामार्गावर कापसाचं बियाणं आणि खत विकतो. मराठी आमची देवघरात पुण्याची, अंगणात निमाडी आणि उधारी मागताना हिंदी.

आत्याच्या फोननंतर महिनाभरातच पुण्याचा भाचा धामनोदला आला. त्याला वंशावळीचा नाद लागलाय. आमच्या माळ्यावर पत्र्याची एक पेटी आहे. तिच्यात पणजोबांपासूनचे मोडी कागद, दोन गंजक्या किल्ल्या आणि मेलेली एक पाल अशी इस्टेट आहे. भाच्याने कागद पुण्याला नेले, मोडी वाचणाऱ्या गृहस्थाकडून बाळबोध लिपीत उतरवून घेतले आणि रात्री अकरा वाजता मला फोन केला. आवाज खोल गेलेला.

"मामा, बसला आहेस ना?"

"निजलोय. बोल."

"आपले खापरपणजोबा बिनबापाचे होते."

मी उठून बसलो.

"कागदात स्वच्छ लिहिलंय. त्यांचं नाव, मग 'बिन', मग त्यांच्या वडिलांचं नाव. एका ठिकाणी नाही, सात ठिकाणी आहे. प्रत्येक पिढीत कुणी ना कुणी बिन आहे. मामा, आपल्या घराण्यात बाप कुणालाच नव्हता का?"

भाच्याचं काही चुकलं असं म्हणता येत नव्हतं. मराठीत 'बिन' लागला की पुढची वस्तू गेलीच म्हणून समजावं. बिनपगारी रजा म्हणजे रजा आहे, पगार नाही. बिनसाखरेचा चहा म्हणजे चहा आहे, आनंद नाही. बिनबुडाचा लोटा, बिनविरोध निवडणूक, बिनकामाचा माणूस, बिनडोक भाचा. एवढी साक्ष समोर असताना पोराने खापरपणजोबांना अनाथ ठरवलं तर दोष कुणाचा?

सकाळी मी मास्टरसाहेबांकडे गेलो. मास्टरसाहेब म्हणजे निवृत्त उर्दू शिक्षक. आडनाव मन्सूरी. त्यांच्या भावाचं गाद्या-रजयांचं दुकान आहे आणि मास्टरसाहेब दिवसभर त्याच दुकानात, सर्वांत जाड गादीवर, सर्वांत जाड पुस्तक घेऊन बसलेले असतात. बोलतात हिंदी, उर्दू आणि निमाडीची मिसळ. इथे ती मराठीत वाढतो.

हकीकत ऐकून ते इतके हसले की गादीने दोनदा धूळ सोडली.

"भाऊ, तुमच्या मराठीत बिन दोन आहेत. एक घरचा, तुमच्या 'विना'च्या घराण्यातला. दुसरा अरबस्तानातून आलेला, 'इब्न'चा धाकटा. घरचा बिन असलेलं काढून घेतो. बाहेरचा बिन आणून देतो. आणि देतो काय, तर थेट बाप!"

मग त्यांनी पुठ्ठ्यावर खडूने लिहून दाखवलं. अरबीत मुलगा म्हणजे इब्न. लिहिताना आधी अलिफ, मग बे, मग नून. शब्द स्वतंत्र असला किंवा ओळीच्या सुरुवातीला आला की अलिफ डौलात उभा असतो. पण मुलाचं नाव आणि बापाचं नाव यांच्या मधोमध बसायची वेळ आली की लिहिताना अलिफ गळतो आणि उरतो बिन. म्हणून प्रवासी 'इब्न' बतूता आणि सुलतान मुहंमद 'बिन' तुघलक.

मला हे व्याकरण लगेच पटलं, कारण महेश्वरला जाणाऱ्या मॅजिक गाडीत मी ते रोज पाहतो. अलिफ म्हणजे उभी काठी. एकट्याने उभं राहायचं तर काठी हातात शोभते. दोन माणसांच्या मध्ये तिसऱ्याने शिरायचं असेल तर ड्रायव्हर आधी ओरडतो, "काका, लाठी ऊपर डालो!"

हा काठी टाकलेला बिन मराठी कागदांत शेकडो वर्षं नांदला. त्याच्या रिवाजाने लिहायचं तर शहाजीराजे म्हणजे 'शहाजी बिन मालोजी भोसले'. शिवाजीमहाराजांनी रघुनाथपंत हणमंत्यांकडून राज्यव्यवहारकोश करवून घेतला. दरबारातल्या फारसी-अरबी शब्दांना त्यात संस्कृत पर्याय दिले गेले. बरेच शब्द त्या धाकाने हलले, पण हा अडीच अक्षरांचाही नसलेला बिन मुलगा आणि बाप यांच्या मध्ये असा रुतून बसला होता की तो पेशवाईतही उठला नाही. पुढे इंग्रज आले. मुंबईच्या हायकोर्टाच्या छापील निवाड्यांत साहेबाने वादी-प्रतिवाद्यांची नावं बिनसकट रोमन लिपीत उतरवून घेतली. साहेबाला त्याचा अर्थ काय वाटला असेल? बहुधा त्याने घरी पत्र लिहिलं असेल की इथल्या शेतकऱ्यांत 'बिन' हे मधलं नाव फार लोकप्रिय आहे.

बिनचा जोडीदार वलद. हाही अरबी, अर्थ मुलगा. मध्य प्रदेशातल्या जुन्या जमिनीच्या कागदांत 'वल्द' जागोजागी भेटतो. ज्याने जन्म दिला तो वालिद, जी जन्म देते ती वालिदा आणि बापाचं नाव-गाव सांगणारी ती वल्दियत. वलदचं अनेकवचन औलाद. हे अनेकवचन धामनोदच्या बसस्थानकावर रोज कानी पडतं, बहुतेक वेळा एकाच माणसाला उद्देशून.

"आणि बायकांचं काय?" मी विचारलं. माळ्यावरच्या कागदांत पणजीच्या नावापुढे 'कोम' आणि मग पणजोबांचं नाव होतं.

"कौम," मास्टरसाहेब म्हणाले, "म्हणजे जमात, लोक."

लग्न एका नवऱ्याशी होत नाही, त्याच्या सगळ्या जमातीशी होतं, हे ज्या कारकुनाने पहिल्यांदा ओळखलं त्याला नक्कीच स्वतःची सासुरवाडी मोठी असणार.

तोवर चहा आला होता आणि गिऱ्हाइकं रजई न घेताच ऐकत उभी होती. मास्टरसाहेबांना रंग चढला. त्यांच्या मते अरबी नाव ही मालगाडी आहे. तुम्ही-आम्ही फाटकात उभे राहून डबे मोजायचे. पुढे 'अबू'चा डबा, म्हणजे अमक्याचे बाबा. मग खुद्द स्वतःचं नाव. मग इब्न, इब्न, इब्न करत बाप, आजा, पणजा. शेवटी गार्डाचा डबा, त्यावर गावाचं नाव.

मला वाटलं होतं तितकं हे परकं नव्हतं. 'अबू' तर आमच्या घरात रोज चालतो. माझी आई वडिलांना उभ्या आयुष्यात नावाने हाक मारू शकली नाही. आधी ते 'अहो' होते, ताई झाल्यावर 'ताईचे बाबा' झाले. अरबीत असतो तर खानदानी पदवी म्हणून मिरवता आलं असतं, इथे मात्र ते "ताईचे बाबा, दळण आणा" एवढ्यापुरतं उरलं. गावाचा डबा तर आपला 'कर'च. अल-ख्वारिझ्मी म्हणजे ख्वारिझमकर. याच ख्वारिझमकरांच्या नावाचं युरोपात जाऊन 'अल्गोरिदम' झालं आणि आज ते तुमच्या मोबाइलमध्ये बसून तुम्ही एकदा बनियन पाहिलं तर महिनाभर बनियन दाखवतं.

अकराव्या शतकात आमच्या धारविषयी लिहून गेलेला अल-बिरूनी असाच. त्याच्या ग्रंथात भोजाच्या धारमधल्या राजवाड्याच्या दारात पडलेल्या, माणसाच्या अवयवांचा आकार दिसणाऱ्या चांदीच्या लगडीची गोष्ट आहे. फारसीत बिरून म्हणजे बाहेर, म्हणजे हे बाहेरगावकर. आणि पूर्ण नाव अबू रैहान मुहंमद इब्न अहमद अल-बिरूनी. रैहान म्हणजे सुवासिक सब्जा. एवढा मोठा गणिती, पण आमच्या आईच्या भाषेत तो 'सब्ज्याचे बाबा, अहमदचे चिरंजीव, बाहेरगावकर'.

इब्न बतूताची गाडी आणखी लांब. अबू अब्दुल्ला मुहंमद इब्न अब्दुल्ला इब्न मुहंमद इब्न इब्राहिम अल-लवाती अल-तंजी. मी सावकाश डबे सोडवले. स्वतः मुहंमद, बाप अब्दुल्ला, आजा मुहंमद, आणि नावापुढची उपाधी पुन्हा 'अब्दुल्लाचे बाबा'. म्हणजे आजोबांचं नाव नातवाला! आमच्याकडे बारशाला याच मुद्द्यावर दोन्ही व्याही रुसतात. शेवटचा अल-तंजी म्हणजे टांजेरचा. एकूण हिशेब केला तर मोरोक्कोतले श्रीयुत मुहंमद अब्दुल्ला टांजेरकर. तीन खोल्यांचं घर! मधल्या खोलीत वडील!

मग बतूता कोण? तो बाप नव्हे, ते कुळाचं नाव. एक व्युत्पत्ती अशी सांगतात की अरबीत 'बत्त' म्हणजे बदक आणि त्याचं लाडकं रूप बतूता. आपलं मराठी बदकही त्याच बत्तच्या गोतावळ्यातलं. जगातला एवढा मोठा प्रवासी आणि नावाचा अर्थ बदकाच्या पिल्लाचा पोर. १३०४ साली जन्मला, एकविसाव्या वर्षी घराबाहेर पडला आणि पाण्यात सोडलेल्या पिल्लासारखा जो निघाला तो १३४२ साली वाटेत धारला येऊन ठेपला. तिथली विड्याची पानं दिल्लीला जातात, दिल्ली चोवीस दिवसांच्या वाटेवर आहे आणि वाटेवर अंतर कोरलेले खांब आहेत, असं त्याने लिहून ठेवलं. धारहून दौलताबादला निघालेला हा गृहस्थ पुढचा मुक्काम उज्जैनचा सांगतो. धारहून दक्षिणेला जायचं तर उज्जैन पाठीमागे राहतं. खांबांवर अंतर कोरलं होतं, दिशा कोरली नसावी. आजही आमच्या महामार्गावर महेश्वरची पाटी वळण गेल्यावर येते.

त्याला चीनला वकील म्हणून पाठवणारा धनी मुहंमद बिन तुघलक. इथे मास्टरसाहेबांनी चष्मा पुसला. चष्मा पुसला की ते मुद्द्यावर येतात.

"भाऊ, १३२७ साली दिल्लीची राजधानी उचलून दौलताबादला कुणी नेली?"

"तुघलकाने."

"चूक. तुघलक तर तेव्हा कबरीत होता! तुघलक म्हणजे बाप, गियासुद्दीन. राजधानी नेली मुलाने, मुहंमदने. तांब्या-पितळेची नाणी काढली मुलाने. आणि तुम्ही आजही कुठल्या साहेबाने सकाळचा हुकूम संध्याकाळी फिरवला की काय म्हणता? तुघलकी कारभार! बापाने बिचाऱ्याने दिल्लीत किल्ला बांधला आणि मेला. मधला बिन तुम्ही खाल्ला आणि मुलाचं बिल बापाच्या नावावर फाडलं."

मी वरमलो. खत-बियाणाच्या दुकानात बसून मी स्वतः सरकारी धोरणांना निदान पाचशे वेळा तुघलकी म्हटलं असेल. गियासुद्दीनची माफी मागायची तर कुठे मागणार?

"तुमच्यात म्हण आहे ना," मास्टरसाहेब म्हणाले, "पोराने बापाचं नाव काढलं. इथे तर पोराने बापाचं नावच वापरून संपवलं."

मग ते जरा गप्प झाले आणि भावाच्या दुकानाच्या पाटीकडे बोट केलं. पाटीवर मोठ्या अक्षरात 'मन्सूरी' लिहिलेलं होतं.

"आता आमचं ऐका. इथेही बिन हरवलाय, पण उलट्या बाजूने."

निमाड म्हणजे कापूस. कापूस म्हणजे पिंजणं. पिढ्यानपिढ्या दारोदार धनुकली घेऊन फिरणारे, तातीच्या टणत्काराने गल्ली जागी करणारे आणि वर्षभराची दबलेली गादी सकाळच्या पारी ढगासारखी फुगवून देणारे ते पिंजारी. महाराष्ट्रातही हा समाज आहे. या मंडळींनी आडनाव घेतलं मन्सूरी. ते मन्सूर नावाच्या सूफी संताला आपला मूळपुरुष मानतात. 'अनल हक', मीच सत्य, असं म्हणाला म्हणून ज्याला बगदादमध्ये ९२२ साली देहान्ताची शिक्षा झाली, तो मन्सूर.

"त्याचं पूर्ण नाव सांगतो," मास्टरसाहेब म्हणाले आणि एकेक शब्द खडूने लिहीत गेले. "हुसेन. बिन. मन्सूर. अल-हल्लाज."

मी पुठ्ठ्याकडे पाहत राहिलो. आता मला वाचता येत होतं. संताचं नाव हुसेन. मन्सूर त्याचा बाप!

हल्लाज म्हणजे कापसातून सरकी काढणारा, पिंजणारा. कथा अशी सांगतात की हुसेनने एका पिंजाऱ्याला आपल्या कामासाठी बाहेर पाठवलं. तो म्हणाला, माझा कापूस कोण पिंजणार? हुसेन म्हणाला, तू जा, मी पाहतो. पिंजारी परत येऊन बघतो तर दुकानातल्या सगळ्या कापसाची सरकी वेगळी झालेली. सत्य बोलला मुलगा, चमत्कार केला मुलाने, जीव दिला मुलाने. पण पूर्वेकडच्या कवींच्या आणि लोकांच्या तोंडी नाव बसलं मन्सूर. आणि त्या नावाने धामनोदच्या रजईच्या दुकानावर हजार वर्षांनी पाटी लागली ती बापाची.

"याला म्हणतात नाव काढणं," मी म्हणालो.

"मन्सूरचा अर्थ माहितीय? ज्याला मदत मिळाली तो, विजयी. त्या बापाला एवढी मदत कुणाच्या मुलाने केली नसेल. तो बाप काय करत होता, कुणी विचारत नाही. माझ्या मुलालाही मी हेच सांगतो. तू काहीतरी कर बेटा, पाटी माझी लागेल."

मुलगा इंदूरला संगणकाचं काम करतो. ख्वारिझमकरांकडे नोकरीला आहे, असं म्हणायला हरकत नाही.

या 'बिन'ची भावंडं जगभर पसरलेली आहेत. उत्तर आफ्रिकेत त्याचा 'बेन' होतो. अल्जीरियाचे पहिले अध्यक्ष अहमद बेन बेल्ला. हे नाव मी दुकानात उच्चारलं तेव्हा शेजारच्या गुजराती भाभींनी कौतुकाने विचारलं, "अमदावादनां बेन छे?" हिब्रू ही अरबीची बहीण, तिच्यातही मुलगा बेनच आणि अनेक मुलं म्हणजे बेने. आपल्या कोकणात तेलाचे घाणे चालवणारे, शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून शनवार तेली म्हटले गेलेले ज्यू स्वतःला बेने इस्रायल म्हणवतात, म्हणजे इस्रायलची लेकरं. आडनावं मात्र पेणकर, रोहेकर, किहीमकर. हिंदी सिनेमात 'डेव्हिड' म्हणून गाजलेल्या नटाचं संपूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. पुढे आपण, मध्ये अब्राहम, मागे रायगडातलं चौल. यातली पुष्कळ मंडळी पुढे इस्रायलला गेली आणि तिथून 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक काढू लागली. इस्रायलच्या लेकरांनी इस्रायलमध्ये जाऊन मराठीला मायबोली म्हणावं! बापाचं नाव जमातीला दिलं आणि आईचं मासिकाला.

आई म्हटल्यावर मला आत्याची आठवण झाली. सगळी हकीकत मी तिला फोनवर सांगितली. बिन म्हणजे मुलगा, बाप होता, घराणं शाबूत आहे. आत्याने सगळं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, "आणि या सगळ्यात आया कुठे होत्या? बाजारात गेल्या होत्या?"

मास्टरसाहेबांकडे याचं उत्तर होतं. मुलीसाठी बिंत असतं, पण पुढे नाव बापाचंच. कुराणात मात्र येशूचं नाव आईवरून येतं, ईसा इब्न मरियम. आपल्याकडे कर्ण राधेय आणि अर्जुन कौंतेय. पण माझ्याकडे आत्यासाठी याहून जवळचा पुरावा निघाला. नाशिकच्या लेण्यांत सुमारे १९०० वर्षांपूर्वीचा लेख आहे, गौतमी बलश्री नावाच्या आईने आपल्या दिवंगत मुलाचं मोठेपण सांगणारा. मुलगा सातवाहन राजा. नाव गौतमीपुत्र सातकर्णी. त्याच्या ताब्यातल्या मुलुखांची जी यादी त्या लेखात आहे, तिच्यात 'अनूप' आहे. अनूप म्हणजे नर्मदेकाठचा माहिष्मतीचा प्रदेश, म्हणजे आमचं महेश्वर आणि त्याचा शेजार. म्हणजे आज ज्या मुलुखात खिडकीपलीकडचा मुलगा 'पिता' विचारतो, तिथे कधीकाळी राजाच आईचं नाव लावून राज्य करत होता. त्याला अर्ज भरायला लावला असता तर कारकून म्हणाला असता, "महाराज, माताजी का कॉलम नहीं है."

महाराष्ट्रात तो रकाना आता आला आहे, तोही नावाच्या आतच. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव, असा नियम झाला. भाच्याला गेल्या वर्षी मुलगी झाली. तिच्या जन्मदाखल्याचा फोटो त्याने पाठवला. तीन खोल्यांचं आमचं घर चार खोल्यांचं झालंय. एवढी वर्षं स्वयंपाकघरात असलेली आई आता बाहेरच्या खोलीला लागून, वडिलांच्या आधी, खुर्ची टाकून बसली आहे. ही मुलगी उद्या धामनोदच्या त्या खिडकीशी आली तर आतल्या मुलाचं काय होईल ते देव जाणे. एक माणूस हलवताना त्याची धांदल उडाली होती, इथे दोघांचं सामान आहे.

माझा कागद मी दुरुस्तीला दिला नाही. मास्टरसाहेबांनीच मना केलं. म्हणाले, "भाऊ, 'पिता' काय आणि 'बिन' काय, काम एकच. फक्त तुम्ही वाचता उलटं."

तेव्हा वाचकहो, जुन्या कागदात 'बिन' दिसला किंवा माळव्याच्या पेपरात 'पिता' दिसला, तर घाबरू नका. डावीकडे मुलगा असतो, उजवीकडे बाप. एवढी बाजू सांभाळा. ती चुकली तर तुघलकासारखे मुलाच्या कारभाराचे धनी व्हाल, नाहीतर माझ्यासारखे बापाचे बाप.